बोरगावची खरेदी कोणत्या रकान्यात?

सौंसर तालुक्यातल्या बोरगावच्या ग्राहकाने ऑनलाइन मागवलेली वस्तू नागपूरच्या विक्रेत्याकडून आली, तर तिच्यावर आंतरराज्य जीएसटी लागतो आणि त्यातला राज्याचा वाटा मध्य प्रदेशाला मिळतो. विक्रीवरच्या कराचा माग असा थेट ग्राहकाच्या राज्यापर्यंत लागतो. नफ्यावरच्या कराचा लागत नाही. अ‍ॅमेझॉन आपला हिशेब तीन विभागांत मांडते: उत्तर अमेरिका, आंतरराष्ट्रीय आणि क्लाउड सेवा. विक्रीच्या देशवार तक्त्यात अमेरिका, जर्मनी, ब्रिटन, जपान वेगळे दिसतात. एवढा मोठा भारत मात्र ‘उर्वरित जगा’त मिसळून जातो.

कर वादात असेल तेव्हा हे अधिक खटकते, कारण निकाल लागेपर्यंत किती रक्कम राखून ठेवायची याचा अंदाज कंपनीच बांधते. लक्झेंबर्गमधल्या करसवलतीबद्दल युरोपीय आयोगाने २०१७ मध्ये सुमारे २५ कोटी युरोंची वसुली सांगितली. डिसेंबर २०२३ मध्ये अंतिम निकाल कंपनीच्या बाजूने लागला. भारताने परदेशी ई-कॉमर्स कंपन्यांवर २०२० मध्ये लावलेली २ टक्के इक्वलायझेशन लेव्ही १ ऑगस्ट २०२४ पासून रद्द झाली. देशवार नफाच ठाऊक नसेल, तर अशा बदलांचे वजन वाचकाने कसे जोखावे? देशवार आकडे दिल्यास प्रतिस्पर्ध्यांचे फावते, असा आक्षेप घेतला जातो, आणि व्यवस्थापन ज्या विभागणीने कारभार पाहते तीच अहवालात मांडायची, हा हिशेबाचा नियमही आहे. पण मोठे बहुराष्ट्रीय समूह देशवार माहिती करखात्याला गोपनीयपणे देतातच. आकडे तयारच असतात. वर्षातून एकदा विक्री, नफा आणि भरलेला कर एवढे तरी उघड व्हायला हवे.