पाच हजार रात्रींचा नट



नट म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे मुंबईपुण्याची नाट्यगृहे येतात, सिनेमाची रंगीत भित्तिपत्रके येतात. आज ज्या नटाची कारकीर्द तुम्हांला सांगायची आहे, त्याचा मांडव पडला तो धानाच्या शेताशेजारी. गडचिरोली जिल्ह्याच्या कुरखेडा तालुक्यात गुरनोली नावाचे गाव आहे. परशुराम कोमाजी खुणे हे तिथले. घर शेतकऱ्याचे आणि पेशा नाटकाचा. 2023 साली भारत सरकारने त्यांना पद्मश्री दिली. नागपूरच्या अलीकडे राहणाऱ्या पुष्कळांनी त्यांचे नाव तेव्हा पहिल्यांदाच ऐकले असेल. पण वैनगंगेच्या दोन्ही काठांवर ते नाव घरोघरी ठाऊक होते.

हा असा फरक का पडावा, हे समजायला आधी तो मुलूख समजून घेतला पाहिजे. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या चार जिल्ह्यांच्या जंगलाच्या, तलावांच्या आणि धानाच्या पट्ट्याला झाडीपट्टी म्हणतात. इथे पूर्वीपासून दंडार होती, खडी गंमत होती. धान कापून झाले की रात्र रात्र नाचगाणे आणि सोंगे चालत. त्या मुळावरच पुढे नाटकाचे कलम बसले. शहरातली नाट्यगृहे वर्षभर उघडी असतात. झाडीपट्टीच्या नाटकाला मात्र पिकासारखा हंगाम असतो. दिवाळीत भाऊबीज झाली की मंडया सुरू होतात आणि त्यांच्याबरोबर नाटकेही. होळी आली की हंगाम संपला! गावात दिवसा मंडई किंवा बैलांचा शंकरपट भरायचा आणि रात्री नाटक व्हायचे. लेकीबाळी माहेरी येतात, पाहुणे जमतात. मुलामुलींची लग्ने जुळवण्याच्या गोष्टीही तिथेच निघतात. रात्री दहाच्या सुमारास पडदा उघडतो आणि तो पडेपर्यंत तांबडे फुटते.

या नाटकांचे केंद्र म्हणजे देसाईगंज, ज्याला वडसा असेही म्हणतात. गडचिरोली जिल्ह्यात आगगाडी कित्येक दशके फक्त याच गावी थांबत होती. नाटक मंडळ्यांच्या कचेऱ्या इथेच आहेत. हंगामाआधी गावोगावची मंडळे इथे येतात, नाटकांची नावे पाहतात, नट कोण कोण आहेत ते विचारतात, सौदा ठरवतात आणि तारीख पक्की करून जातात.

आता थोडा हिशेब करू. शिक्षकबंधूंनी आणि भगिनींनी तो फळ्यावर मांडला तरी चालेल. खुणे यांनी सुमारे आठशे निरनिराळ्या भूमिका केल्या आणि पाच हजारांहून अधिक प्रयोग केले, अशी पद्मश्रीच्या वेळी नोंद झाली. दिवाळी ते होळी म्हणजे जेमतेम साडेचार महिने. एखाद्या नटाने हंगामात शंभर रात्री रंगभूमीवर काढल्या असे धरले, तर पाच हजार प्रयोगांना किती हंगाम लागतील? पन्नास. पन्नास वर्षांच्या थंडीच्या रात्री! एका गावचे नाटक पहाटे संपवायचे, गाडीत डुलकी काढायची आणि संध्याकाळी दुसऱ्या गावी पुन्हा तोंडाला रंग लावायचा.

आणि आठशे भूमिका कशा झाल्या? शहरात एक नाटक गाजले की ते वर्षानुवर्षे चालते. नट तीच भूमिका हजार वेळा करतो आणि घोटून घोटून ती चकचकीत करतो. इथे तसे होत नाही. प्रेक्षक तेच, गाव तेच. गेल्या वर्षीचे नाटक यंदा त्यांना कसे चालेल? म्हणून हंगामाला नवी नाटके लागतात. तालमींना दिवस थोडे आणि संहिता मोठी. अशा वेळी आडोशाला बसलेला प्रॉम्प्टर हा नटाचा मोठा आधार असतो. त्याचे वाक्य एका कानाने टिपायचे आणि ते आताच मनात आले असे वाटावे अशा रीतीने बोलायचे. समोर हजारोंचा समुदाय. आज वरून ध्वनिक्षेपक टांगलेले असतात. पूर्वी छातीचा दम हाच ध्वनिक्षेपक. हे कसब कोणत्या शाळेत शिकवले जात नाही. ते मांडवातच शिकावे लागते, चुकले तर प्रेक्षक तिथल्या तिथे ओरडून सांगतात.

कुणी म्हणेल, हे सारे खरे, पण त्या गृहस्थांना मुंबईला जायला काय झाले होते? प्रश्न वावगा नाही. मात्र त्यात एक गोष्ट आपण धरून चाललेलो असतो. नट जितका दूरवर ठाऊक, तितका तो मोठा, असे आपण मानतो. कारकीर्द मोजायचे दुसरेही माप आहे. ज्या लोकांत तो राहतो, त्यांना तो किती वेळा हवासा वाटला? शेजारच्या गावाने पुन्हा पुन्हा बोलावणे ही साधी गोष्ट नाही. परक्याचे कौतुक आपण उदारपणे करतो, पण ओळखीच्या माणसाला आपण स्वस्तात सोडत नाही.

शिवाय इथल्या नटाच्या शब्दाला वजन असते, कारण तो आपल्यातलाच असतो. गडकऱ्यांचे ‘एकच प्याला’ झाडीपट्टीतही रंगले आहे. दारूपायी घर कसे बसते, हे आपल्याच बोलीच्या वळणाने बोलणारा माणूस दाखवतो, तेव्हा ते काळजाला लागते. व्यसन, अंधश्रद्धा, अस्वच्छता यांविरुद्ध नाटकांतून बोलणे आणि नक्षलवादाची झळ पोचलेल्या भागात वाट चुकलेल्या तरुणांना परत माणसांत आणायला हातभार लावणे, हेही खुणे यांच्या कामात गणले गेले. त्या जंगलपट्टीत रात्री हजारो माणसांनी निर्धास्तपणे एकत्र बसावे, हेच एक मोठे काम आहे.

पण मंडळी, एका मानपत्राने रंगभूमी जगत नाही. या नटांना महिन्याचा पगार नाही. प्रयोग झाला तर त्या रात्रीचे मानधन, नाही तर काही नाही. म्हणून हंगाम संपला की कुणी शेतीकडे वळतो, कुणी शिलाईयंत्रावर बसतो. 2020 साली करोनाची साथ आली आणि त्या दिवाळीनंतरचा हंगाम विस्कटला, तेव्हा अनेक घरांची चूल अडचणीत आली. दुसरी काळजी आतली आहे. गर्दी खेचण्यासाठी नाटकात उडती नाचगाणी घुसवण्याची चाल पडली. शिट्ट्या वाढल्या, पण आयाबाया उठून जाऊ लागल्या, तर ते नाटक गावाचे राहील का? याचा निवाडा सरकार करणार नाही. मांडवात बसलेला प्रेक्षकच तो करील.

तेव्हा माझी विनंती साधी आहे. झाडीपट्टीतल्या श्रोत्यांनी चांगल्या नाटकाचे तिकीट काढून ते पाहावे आणि वाईटाला पाठ दाखवावी. शिक्षकांनी एवढे करावे: गावातल्या एखाद्या जुन्या नटाकडे, पेटीवाल्याकडे, प्रॉम्प्टरकडे मुलांना घेऊन जावे. कोणकोणती नाटके केली, कोणत्या गावी, कोणाबरोबर, हे वहीत उतरवून घ्यावे. हाताने लिहिलेल्या संहिता ट्रंकेत पडून असतात, त्यांना वाळवी लागण्याआधी नकला करून ठेवाव्यात. आठशे भूमिका करणारा एक नट सरकारला दिसला. ऐंशी भूमिका करणारे कितीतरी जण अजून तुमच्या गल्लीतच राहत असतील. आणि जे झाडीपट्टीबाहेर आहेत, त्यांनी एकदा दिवाळीनंतर वडशाची गाडी धरावी. घोंगडी मात्र बरोबर घ्यावी. रात्र मोठी असते, आणि थंडीही.