विष्णुपंत पागनीस : लुगड्यातून वीणेकडे

(जीर्णोद्धार सोहळ्यातील व्याख्यान)



जत्रेच्या नाटकात लुगडे नेसून जो गडी द्रौपदी होतो, त्याला म्हातारपणीही चावडीवर ‘द्रौपदाबाई’ म्हणूनच हाक येते. थट्टेत आकस नसतो. परंतु तोच गडी पुढे खांद्याला वीणा लावून कीर्तनात उभा राहिला, तर समोरची मंडळी आधी तोंडाला उपरणे लावतात. विष्णुपंत पागनीसांपुढे हीच अडचण होती.

१८९२ साली जन्मलेले पागनीस लहानपणीच नाटक मंडळीत गेले. त्या काळी नायिकेचे काम बहुधा पुरुषच करीत, आणि पागनीसांचे नाव झाले ते त्याच कामात. आता स्त्रीपार्टी नटाचे वय होते म्हणजे काय होते, हे आपणांस सांगायला नको. आवाज जाड होतो, अंग भरते, आणि कंपनीला नवा पोरगा मिळतो. पागनीस संगीत शिकवू लागले, भजने गाऊ लागले. या वर्षांत ना टाळ्या, ना हस्तपत्रके. खरा पालट तेव्हाच झाला असावा. लोकांना तो पुढे पडद्यावर दिसला इतकेच.

पुण्याच्या प्रभात कंपनीचे विष्णुपंत दामले व फत्तेलाल यांचा ‘संत तुकाराम’ १९३६ सालचा. तुकोबांच्या कामासाठी पागनीसांचे नाव निघाले, तेव्हा हावभाव बायकी होतील अशी शंका दामल्यांना आली, असे सांगतात. शंका वाजवीच म्हटली पाहिजे! परंतु तीच मऊ चाल, तेच हळुवार बोलणे तुकोबांना शोभून गेले. जुने ते सगळे टाकून द्यावे लागलेच नाही. चित्रपट मुंबईच्या सेंट्रल थिएटरात ५७ आठवडे चालला. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. शांताराम आठवल्यांनी त्यासाठी रचलेले एक पद जाणकारही तुकोबांच्या गाथेत शोधत बसले, तो किस्सा निराळा.

नवी ओळख मात्र जुनीपेक्षाही घट्ट चिकटली. लोक पागनीसांना तुकोबा समजून पाया पडत. १९३९ साली ते तुलसीदास झाले, १९४० साली नरसी भगत. कामे आली ती संतांचीच. दुसरे काही करावेसे वाटते का, असे त्यांना कोणी विचारले असेल काय? १९४३ साली ते गेले. त्यांची त्या वेषातली तसबीर कित्येक घरांत देव्हाऱ्याशेजारी लागली; खाली नाव तुकोबांचे.