बंद पडणारा गेम आणि प्रयोगवही
(स्नेहमेळाव्यातील भाषण)



आपण चाळिशीकडे झुकलो, तरी महिनाभर ग्रुपवर चर्चा आहे ती ‘एम्पायर : टोटल वॉर’ची. 2009 साली, आपल्या कॉलेजच्या दिवसांत आलेला हा युद्धनीतीचा गेम. त्यातली मोहीम 1700 साली सुरू होते. राजाराम महाराजांचं निधन झालं आणि ताराबाईंनी कारभार हाती घेतला, ते हे वर्ष. शिवाय मराठ्यांची बाजू घेऊन खेळता येतं!

वाशी, नेरूळ, पनवेलच्या कपाटांत पडलेल्या हार्ड डिस्कवर आपल्या अर्धवट मोहिमा अजून आहेत. मुलांना त्या दाखवायला जावं, तर नव्या लॅपटॉपवर गेम बंद पडतो आणि वैतागून सगळं पुसून टाकावंसं वाटतं. तेवढं करू नका, हे सांगायला मी उभा आहे.

आधी सेव्ह केलेला खेळ आणि मॉड, दोन्हींची प्रत काढून ठेवा. मॉड म्हणजे हौशी खेळाडूंनी गेममध्ये केलेले बदल. ज्या मॉडवर मोहीम सुरू केली ते काढलं, तर जुना खेळ बरेचदा उघडतच नाही. स्टीमवर मूळ फाइली तपासून दुरुस्त करता येतात, पण तेही प्रत काढल्यावरच.

मग गेम नेमका कधी बंद पडतो ते पाहा. सुरू होतानाच पडला, तर बहुधा एखादी फाइल गायब आहे किंवा मॉड दुसऱ्या आवृत्तीचं आहे. दर वेळी त्याच चालीला पडला, तर मॉडमधल्या माहितीवर संशय घ्या. तासाभराने मोठ्या लढाईत पडला, तर मेमरी अपुरी पडते किंवा लॅपटॉप तापतो. लॅपटॉपला 16 जीबी रॅम असली, तरी 32 बिटच्या जुन्या प्रोग्रॅमला विंडोजवर एरवी 2 जीबी, फार तर 4 जीबी वापरता येते. म्हणून रॅम वाढवण्याआधी चित्रांचा दर्जा आणि पलटणींचा आकार कमी करून बघा.

मॉड बारा असतील, तर नवी मोहीम उघडून सहा बंद करा. गेम चालला, तर दोष बंद केलेल्या सहांत. नाही चालला, तर उरलेल्यांत. असं निम्मं निम्मं करत गेलं, की दोषी मॉड एकच असेल तर फार तर चार फेऱ्यांत सापडतं. कधी दोन मॉड वेगवेगळी नीट चालतात, पण एकच फाइल बदलत असल्यामुळे एकत्र भांडतात. तेव्हा जोड्या लावून पाहाव्या लागतात.

यातलं नवीन काहीच नाही. एका वेळी एकच गोष्ट बदलायची, बाकीच्या तशाच ठेवायच्या आणि निरीक्षण लगेच वहीत लिहायचं, हे आपल्याला विज्ञानाच्या प्रयोगशाळेत शिकवलं होतं. तेव्हा आपण ते मार्कांसाठी केलं. आज त्याच सवयीवर माझं पोट चालतं. सर, बाई, त्याबद्दल मनापासून आभार.

जेवणानंतर लॅपटॉप घेऊन या, एकेक करून बघू. फक्त काही पुसून आणू नका.