कणकवलीचा फोटोग्राफर आणि आपल्या खिशातला कॅमेरा
(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यातील भाषण)



संयोजकांनी सांगितलं, ‘तू फोटोवाला, तर फोटोवरच बोल.’ माझ्या दुकानाबद्दल तुम्हाला सगळं ठाऊक आहे. म्हणून आज दुसऱ्या एका फोटोग्राफरबद्दल बोलतो. नाव इंद्रजित खांबे. गाव कणकवली, जिल्हा सिंधुदुर्ग. म्हणजे आपल्या जळकोटसारखंच तालुक्याचं गाव. माझी त्यांची ओळख नाही, पण एका धंद्यातला माणूस म्हणून त्यांचं काम मी आवर्जून बघतो.

खांबे यांनी फोटोग्राफीचं शिक्षण कुठल्या कॉलेजात घेतलेलं नाही. आधी नाटकात रमले, पोटासाठी कॉम्प्युटरचा व्यवसाय केला. २०१२ च्या सुमारास कॅमेऱ्याकडे वळले आणि स्वतःच शिकत गेले. कोकणात जत्रांमध्ये रात्रभर दशावतार चालतो. आपल्याकडच्या तमाशासारखा त्यांचाही फिरता संसार. कलाकार स्वतःच तोंड रंगवतात, पुरुषच स्त्रीची भूमिका करतात. खांबे या मंडळींचे फोटो काढत राहिले. नुसते रंगमंचावरचे नाहीत, तर पडद्यामागचेही. पुढे कोल्हापूरच्या तालमीतले पैलवान त्यांनी आयफोनवर टिपले आणि ॲपल कंपनीने ते काम जगासमोर मांडलं. एवढं होऊनही त्यांनी आपली माती सोडली नाही.

हे कशामुळे शक्य झालं, ते धंद्यातला माणूस म्हणून सांगतो.

१९७५ साली अमेरिकेत कोडॅक कंपनीतल्या स्टीव्हन सॅसन नावाच्या २५ वर्षांच्या इंजिनिअरने पहिला डिजिटल कॅमेरा जुळवला. वजन साडेतीन किलोच्या वर. एक काळा-पांढरा फोटो कॅसेटच्या टेपवर उतरायला २३ सेकंद लागायचे. फोटो बघायचा तो टीव्हीवर. साहेब लोकांना प्रश्न पडला, टीव्हीवर फोटो कोण बघणार? कंपनीची मिळकत होती रोलवर. ज्या कंपनीत हा कॅमेरा जन्मला, तिनेच जानेवारी २०१२ मध्ये दिवाळखोरीचा अर्ज केला. म्हणजे रोलचा राजा बसला, त्याच सुमारास कणकवलीचा एक माणूस डिजिटल कॅमेरा हातात घेत होता.

रोलचे दिवस आठवा. एका रोलमध्ये ३६ फोटो. बटण दाबलं की पैसे गेले. रोलचे वेगळे, धुलाईचे वेगळे, प्रिंटचे वेगळे. रोल शहरातल्या लॅबमध्ये पाठवायचा आणि फोटो कसे आले ते तिकडून आल्यावर कळायचं. त्यामुळे लग्नात नवरा-नवरी, आहेर देणारे आणि मानाचे पाहुणे एवढेच फोटोत यायचे. हलगीवाला, पंगतीत वाढणारी पोरं, चुलीपुढं बसलेली काकू यांच्यावर रोल कोण खर्च करणार? डिजिटलने ही अडचण काढून टाकली. शंभर फोटो काढा, नव्वद पुसा, खर्च तोच. काढलेला फोटो तिथल्या तिथं दिसतो, म्हणून गुरू नसला तरी शिकता येतं. एका बल्बच्या उजेडात, फ्लॅश न मारता फोटो काढायलाही हा कॅमेरा सोयीचा. पडद्यामागचा दशावतारी कलाकार फोटोत यायला ही वाट मोठी झाली.

पण कॅमेरा तर आज सगळ्यांच्याच खिशात आहे. मग प्रत्येक जण खांबे का होत नाही? माझ्या मते फरक एकच. ते आपल्याच माणसांकडे पुन्हा पुन्हा गेले.

आता आपल्याकडे बघा. येळवसला शेतात कोप मांडली जाते. भज्जी, उंडे, आंबील असते. त्या दिवशी आपण शेकड्याने सेल्फी काढतो आणि आदल्या रात्री जागून तो स्वयंपाक करणारी आई त्यात नसते. देवणी आणि लाल कंधारी ही आपल्या मुलखातली गुरं नावाजलेली. आपल्या दावणीच्या बैलजोडीचा एक तरी फोटो किती जणांकडे आहे?

माझ्या दुकानात नेहमी घडणारी गोष्ट सांगतो. घरातलं कुणी वारलं की मुलगा मोबाइल घेऊन येतो. लग्नातल्या गर्दीत मागं उभी असलेली आई दाखवतो आणि म्हणतो, ‘एवढी काढून मोठी करा.’ कधी आधार कार्डावरचाच फोटो मोठा करावा लागतो. डोळे फुटतात, चेहरा पुसट येतो. पोराच्या मोबाइलमध्ये हजारो फोटो असतात, पण आईचा एक धड फोटो नसतो. हार घालायला फ्रेम तयार करताना माझाही हात जड होतो.

म्हणून विनंती एवढीच. घरी गेल्यावर आई-वडिलांना दाराशी, उजेडात बसवा. नटवू नका, कामात असतील तर तसाच काढा. निवडक फोटोंच्या प्रिंट करा, मागं नाव आणि साल लिहा. मोबाइल हरवतो, बिघडतो. प्रिंट पेटीत राहते.

आणि शाळेचे, आपल्या गुरुजींचे, बाईंचे, सहलीचे, गॅदरिंगचे जुने फोटो ज्यांच्याकडे असतील त्यांनी दुकानात आणून द्यावेत. स्कॅन करून मूळ फोटो परत देईन, पैसे घेणार नाही. फोटोतल्या प्रत्येकाचं नाव मात्र सोबत लिहून आणा. नावं सांगणारे गुरुजन आज आपल्यासमोर बसलेले आहेत, तोवर हे काम उरकून घेऊ.