स्वतःच्या पायावर उभा राहिलेला फड



अलीकडे तरुण मंडळी गिटार आणि ड्रमच्या साथीला गावाकडची गाणी घेतात, कोणा कंपनीचा आधार न घेता स्वतःचा बँड काढतात आणि गावोगाव कार्यक्रम करतात. त्यांचे आम्हांस कौतुक वाटते. परंतु हा उद्योग नवा आहे असे कोणी म्हणाले, तर आम्ही त्यांना संगमनेरला घेऊन जाऊ. लोकसंगीतावर स्वतंत्रपणे पोट भरण्याचा धंदा आपल्या अहिल्यानगर जिल्ह्यात फार जुना आहे. त्याचे नाव तमाशाचा फड.

संगमनेरजवळच्या हिवरगाव पावसा या गावची पवळा आणि रेठऱ्याचे श्रीधर कुलकर्णी, म्हणजेच पठ्ठे बापूराव, यांनी जातीची भिंत ओलांडून एकत्र फड गाजवला, ही गोष्ट आपण ऐकलेली असेल. आज आम्हांला सांगायचे आहे ते त्यानंतरच्या एका बाईविषयी. त्या म्हणजे कांताबाई सातारकर.

त्यांचा जन्म १९३९ सालचा. लहानपणीच त्या रंगमंचावर आल्या, आणि पुढे तुकाराम खेडकर यांच्या फडात त्यांचे नाव झाले. स्त्रियांनी नाचावे आणि पुरुषांनी वग गाजवावा, अशी तेव्हाची वहिवाट. कांताबाईंनी ती मोडली आणि पुरुष-भूमिकाही ताकदीने वठवल्या. १९६४ साली खेडकर वारले. पदरी लहान मुले, आणि ज्या फडासाठी रक्त आटवले तो फडही सुटलेला. काही वर्षे दुसऱ्यांच्या फडांत काम करून १९६९ साली त्यांनी स्वतःचा फड उभा केला.

फड उभा करणे म्हणजे काय, हे जरा समजून घेऊ. मोठ्या फडात शंभराच्या आसपास माणसे असतात : नाचणाऱ्या, गाणारे, ढोलकीवाले, सोंगाडे, आचारी, ड्रायव्हर, तंबू ठोकणारे. दसऱ्याला फड बाहेर पडायचा, तर त्याआधी कलावंतांना उचल द्यावी लागते. ती मालकाने आणायची कोठून? बहुधा व्याजाने. मग हंगामभर गावोगाव तंबू लावून तिकिटे विकायची, नारायणगावच्या राहुट्यांतून जत्रांच्या सुपाऱ्या घ्यायच्या, आणि चैत्र-वैशाखाच्या कमाईतून कर्ज फेडून पावसाळ्याचे चार महिने काढायचे. ऐन रात्री पाऊस आला तर खेळ गेला. व्याज मात्र थांबत नाही. स्वातंत्र्य हे असे महाग असते, बंधूंनो!

तरीही फड काळाबरोबर चालला. ढोलकी-हलगीच्या जोडीला कीबोर्ड आणि ऑक्टोपॅड आले, विजेचे झगमगते दिवे आले, सिनेमाची गाणी आली. जाणत्यांनी नाके मुरडली. आम्हीही मुरडली होती, हे कबूल करतो. पण शंभर जणांची चूल ज्याच्या तिकिटावर पेटते, त्या प्रेक्षकाला काय आवडते हे फडमालकाने पाहू नये काय? कांताबाईंचे चिरंजीव रघुवीर सोंगाड्या म्हणून नावारूपाला आले, आणि मायलेकरांच्या नावाने फड महाराष्ट्रभर ओळखला जाऊ लागला. राज्य शासनाचा पहिला विठाबाई नारायणगावकर जीवनगौरव पुरस्कार कांताबाईंना मिळाला.

मग २०२० साल उजाडले. २५ मार्चला गुढीपाडवा होता, आणि त्याच दिवशी देशभर टाळेबंदी सुरू झाली. ज्या जत्रांवर वर्षाचा हिशेब बसायचा, त्या सगळ्याच बुडाल्या. पुढच्या वर्षी पुन्हा तेच. २५ मे २०२१ रोजी संगमनेरला करोनाने कांताबाईंचे निधन झाले. तंबू तेव्हा मिटलेलेच होते.

त्या गेल्यावर आपण सर्वांनी हळहळ व्यक्त केली. हळहळ खरी होती; परंतु तिने उचल फिटत नाही. आम्ही स्वतः लहानपणी कनातीखालून आत शिरलो आहोत. मोठेपणी चारचौघांत तमाशाचे नाव काढण्यास संकोचलो आणि घरी मात्र त्याच लावण्या गुणगुणलो. कला हवी, पण कलावंताची पंगत नको, ही आपली जुनी खोड आहे.

म्हणून विनंती एवढीच. तंबू आपल्या गावी आला तर रीतसर तिकीट काढून, घरच्या माणसांसह जावे. जत्रेच्या कमिटीत असाल तर सुपारीची ठरलेली रक्कम खेळ संपताच पुरी द्यावी. कलावंत बाईला ‘बाई’ म्हणताना आवाजात आदर असावा. फड स्वतःच्या पायावर उभा आहे असे आपण म्हणतो. परंतु त्या पायांखालची जमीन आपण, म्हणजे प्रेक्षक, आहोत.