धुक्यातल्या गाडीला दोन साक्षीदार



माझे अब्बा ट्रक चालवायचे. पावसाळ्यात आंबोली घाटात धुकं उतरलं की क्लीनर बॅटरी घेऊन पुढे चालायचा आणि ट्रक त्याच्या मागून. आज चालकाविना धावणाऱ्या गाडीवर बोलायचं ठरलं, तेव्हा मला आधी तो क्लीनरच आठवला. या गाडीने क्लीनर कुठून आणायचा?

तिच्यावर कॅमेरा असतो, रडार असतं आणि बहुतेक वेळा लायडारही. लायडार लेझरचे झोत फेकतो आणि परत आलेल्या उजेडावरून अंतर मोजतो. स्वच्छ हवेत त्याचं चित्र सुरेख येतं. पण त्याच्या उजेडाची तरंगलांबी साधारण एक मायक्रॉन, आणि धुक्याचा थेंब त्याहून मोठा. उजेड थेंबांवर आपटून विखुरतो, समोरचा ट्रक हरवतो. रडारच्या 77 गिगाहर्ट्‌झच्या लहरी मात्र सुमारे 4 मिलिमीटर लांबीच्या. धुक्याच्या बारीक थेंबांना त्या जुमानत नाहीत.

मग नुसतं रडारच का नाही लावायचं? कारण गाडीचा गुळगुळीत पत्रा या लहरींना आरशासारखा असतो. बऱ्याच लहरी भलतीकडे निघून जातात. अख्ख्या गाडीचे मोजके ठिपके हाती येतात, त्यातही काही खोटे.

इथे आपल्या इचलकरंजीचे दिनेश भराडिया येतात. ते कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या सॅन दिएगो इथल्या शाखेत शिकवतात. त्यांच्या गटाने 2020 मध्ये एकाऐवजी दोन रडार लावले, बॉनेटवर, एकमेकांपासून दीड मीटरवर, म्हणजे जवळपास गाडीच्या रुंदीइतकं अंतर ठेवून. एकाच्या हातून निसटलेली लहर दुसऱ्याला सापडते. आणि दोघांनीही एकाच जागी दाखवलेला ठिपका खरा असण्याची शक्यता जास्त. मग त्यांनी यंत्राने धुकं सोडून एक गाडी झाकली. लायडार नापास झाला. दोन रडारांनी त्या गाडीची लांबी, रुंदी, उंची बरोबर ओळखली.

महागडं नवं उपकरण न आणता, आहे तेच त्यांनी दोन जागी ठेवलं, हे मला फार आवडतं. नोकरीच्या पहिल्या वर्षी मी विचित्र आकडे ‘गोंगाट’ म्हणून गाळणारा कोड लिहिला होता. चाचणी पास झाली, शाबासकीही मिळाली. काही महिन्यांनी कळलं की त्यात खरे बिघाडही गाळले जात होते. ताडून बघायला दुसरं मोजमाप मी घेतलंच नव्हतं.

रडारला सिग्नलचा लाल-हिरवा रंग कळत नाही, पाटी वाचता येत नाही. त्यामुळे कॅमेऱ्याची सुटका नाही.

परवा अब्बांना हे सगळं समजावून सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि विचारलं, “आणि म्हैस? म्हैस दिसते का त्याला?”

तो प्रयोग गाड्या ओळखण्याचा होता. घाटातल्या म्हशीवर तो आपल्यापैकीच कोणाला तरी करावा लागेल.