‘दिले नाही’ हा रकाना

(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



संयोजकांनी सांगितलं होतं की प्रत्येकाने दहा-बारा मिनिटं बोलायचं, आणि आपल्या कामातून मिळालेलं असं काहीतरी सांगायचं जे बाकीच्यांनाही उपयोगी पडेल. मी सॉफ्टवेअर लिहिते हे कळल्यावर सकाळपासून चार जणांनी आपापले मोबाइल माझ्या हातात दिलेत. ते काम चहाच्या वेळी बघू. आत्ता मी बोलणार आहे ते रुग्णालयातल्या परिचारिकांविषयी.

आपल्या बॅचमधल्या तिघी परिचारिका झाल्या. शिवाय एक जण, ज्याला वॉर्डात सगळे ‘ब्रदर’ म्हणतात. दहावीच्या निकालानंतर कोण काय होणार याची चर्चा घरोघरी चालायची, ती तुम्हाला आठवत असेल. डॉक्टर, इंजिनिअर हे शब्द ओसरीवर ऐकू येतील इतक्या मोठ्याने उच्चारले जायचे. नर्सिंगचं नाव निघालं की आवाज खाली यायचा. ‘लवकर नोकरी लागते हो,’ असं म्हणून विषय संपायचा. नर्सिंग म्हणजे पोट भरण्याची एक सोय. त्यात डोकं लागतं, निर्णय घ्यावे लागतात, हे कुणी म्हणायचं नाही.

गेली काही वर्षं मी रुग्णालयांसाठी औषधनोंदीची प्रणाली तयार करणाऱ्या गटात आहे. कोणत्या रुग्णाला कोणतं औषध, किती, किती वाजता द्यायचं आणि ते दिलं का, याची नोंद पूर्वी कागदी तक्त्यावर व्हायची. ती आता पडद्यावर होते. या कामासाठी आम्ही वॉर्डात बसतो, रात्रपाळीलाही. पहिल्याच बैठकीत एका ज्येष्ठ परिसेविकांनी आम्हाला सांगितलं, “‘दिले’ हे बटण कुणीही करेल. त्याच्या शेजारी ‘दिले नाही’ हवं, आणि त्यापुढे कारण लिहायला जागा हवी. आमचं अर्धं शिक्षण त्या रकान्यात आहे.” नर्सिंगचा सगळा इतिहास आणि त्यातली नीतीही मला पुढे त्या एका वाक्यातून समजत गेली.

आधुनिक परिचर्येची गोष्ट सहसा फ्लोरेन्स नाइटिंगेल यांच्यापासून सांगतात. १८५४ साली क्रिमियाच्या युद्धात ३८ स्त्रियांना घेऊन त्या तुर्कस्तानात स्कुटारीच्या लष्करी रुग्णालयात गेल्या. हातातला दिवा आपण पाठ्यपुस्तकातल्या चित्रात पाहिला आहे. त्यांच्या दुसऱ्या हातात वही होती, ती चित्रात येत नाही. १८५५ च्या फेब्रुवारीत त्या रुग्णालयात शंभरातले चाळीसहून अधिक रुग्ण दगावत होते. मार्चमध्ये आलेल्या स्वच्छता आयोगाने गटारं साफ केली, हवा खेळती केली, आणि मृत्यूचं प्रमाण झपाट्याने उतरलं. सैनिक जखमांपेक्षा रोगांनी जास्त मरत होते हे नाइटिंगेलबाईंनी इंग्लंडला परतल्यावर आकडे मांडून आणि वर्तुळाकार आलेख काढून सरकारला दाखवून दिलं. ब्रिटनच्या संख्याशास्त्र संस्थेच्या त्या पहिल्या महिला सदस्य. १८६० मध्ये लंडनच्या सेंट थॉमस रुग्णालयात त्यांच्या नावाने प्रशिक्षणशाळा निघाली. नीट पाहणं, लिहून ठेवणं आणि त्यावरून प्रश्न विचारणं हे या व्यवसायाच्या पायातच आहे.

पण पायात असलेली गोष्ट कळसापर्यंत पोचलीच असं नाही. १८९३ साली अमेरिकेत डेट्रॉइटच्या एका परिचर्या शाळेत विद्यार्थिनींसाठी एक शपथ तयार झाली. तिला नाव नाइटिंगेल यांचं दिलं, लिहिली मात्र त्यांनी नव्हती. आपल्याकडेही दीपप्रज्वलनाच्या समारंभात ती घेतली जाते. त्या शपथेत चांगल्या गोष्टी पुष्कळ आहेत: रुग्णाची गुपितं राखणं, घातक औषध न देणं. त्याच शपथेत डॉक्टरांना त्यांच्या कामात निष्ठेने साहाय्य करण्याचं वचनही आहे. १९५३ मध्ये आंतरराष्ट्रीय परिचारिका परिषदेने जी पहिली नीतिसंहिता केली तिच्यातही डॉक्टरांचे आदेश समजून-उमजून आणि निष्ठेने पाळणं हे कर्तव्यच मानलं होतं. डॉक्टर बहुधा पुरुष आणि परिचारिका बहुधा स्त्री, त्यामुळे घरातली उतरंड वॉर्डात आली आणि तिला शिस्त असं नाव मिळालं.

त्या शिस्तीचं काय होतं, हे १९६६ साली प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकन प्रयोगाने दाखवलं. हॉफलिंग नावाचे मानसोपचारतज्ज्ञ आणि त्यांचे सहकारी यांनी तो केला होता. वॉर्डात फोन यायचा. एक अनोळखी ‘डॉक्टर’ सांगायचा, अमुक रुग्णाला अमुक औषधाचे २० मिलिग्रॅम द्या, मी थोड्या वेळात येऊन सही करतो. औषधाच्या डबीवर स्पष्ट लिहिलं होतं की कमाल मात्रा १० मिलिग्रॅम. फोनवरून आदेश घेणंही नियमाबाहेर होतं. २२ परिचारिकांपैकी २१ जणी औषध घेऊन निघाल्या. त्यांना वाटेत थांबवण्यात आलं. औषध अर्थातच खोटं होतं. दुसऱ्या १२ परिचारिकांना हाच प्रसंग नुसता सांगून विचारलं, तेव्हा त्यांपैकी १० जणी म्हणाल्या होत्या की आम्ही देणार नाही.

या २१ जणींना नावं ठेवणं सोपं आहे. पण १९७७ मध्ये याच धर्तीचा आणखी एक प्रयोग झाला. या वेळी औषध परिचारिकांच्या ओळखीचं होतं आणि सहकाऱ्यांशी बोलायची मुभा होती. १८ पैकी १६ जणींनी औषध दिलं नाही. दोन्ही वेळी परिचारिका शिकलेल्याच होत्या. दुसऱ्या वेळी त्यांच्याजवळ माहिती होती, आणि विचारायला शेजारी माणूस होतं. आमच्या क्षेत्रात एकाने लिहिलेला प्रोग्रॅम दुसऱ्याने तपासल्याशिवाय पुढे जात नाही. त्याला कुणी बेशिस्त म्हणत नाही.

मी वॉर्डात पाहिलेला एक प्रसंग सांगते. रुग्णालय कोणतं ते सांगत नाही. इन्सुलिनची मात्रा हाताने लिहिलेली होती. युनिटसाठी इंग्रजीतलं ‘यू’ हे एकच अक्षर घाईत लिहिलं की शून्यासारखं दिसतं, आणि १० युनिटचे १०० होतात. रात्री दोन वाजता सिस्टरनी डॉक्टरांना फोन लावला. पलीकडून आवाज चढला, “लिहिलंय ना? मग द्या.” सिस्टर शांतपणे म्हणाल्या, “सर, तुम्ही आकडा तोंडाने सांगा, मी लिहून तुम्हाला वाचून दाखवते. तोवर मी देत नाही.” आकडा १० होता. फोन ठेवून त्यांनी वेळ लिहिली, सही केली आणि पुढच्या खाटेकडे गेल्या. माझ्याखेरीज कुणाच्या ते लक्षातही आलं नाही. चूक घडली असती तर चौकशी झाली असती. ती टळली, म्हणून तिच्याबद्दल कुणी काही विचारलं नाही.

१९७३ साली आंतरराष्ट्रीय परिषदेची संहिता बदलली. परिचारिकेची पहिली जबाबदारी ज्याला परिचर्येची गरज आहे त्या माणसाशी, असं तिच्यात आलं. डॉक्टर सहकारी झाले. कागदावर एवढंसं दिसणारं हे वळण गाठायला शपथेपासून ऐंशी वर्षं लागली.

आपल्याकडचा प्रवास आणखी अवघड होता. इथे आज्ञाधारकपणाच्याही आधी स्पर्शाचा प्रश्न होता. परक्याचं अंग पुसायचं, मलमूत्र काढायचं, रात्री घराबाहेर राहायचं. ‘चांगल्या घरातली’ बाई हे कसं करणार? १८९७ च्या प्लेगमध्ये सावित्रीबाई फुले पुण्याजवळ आपल्या डॉक्टर मुलाच्या, यशवंतच्या, दवाखान्यात रुग्णांची सेवा करत होत्या. त्यातच लागण होऊन १० मार्चला त्या गेल्या. त्यांनी परिचर्येचं प्रशिक्षण घेतलेलं नव्हतं, पण ज्याला कुणी हात लावत नाही त्याला हात लावायचा, हे त्यांनी करून दाखवलं. १९०९ मध्ये पुण्यात सुरू झालेल्या सेवासदनातून रमाबाई रानडे यांनी मुलींना, त्यात अनेक विधवांना, ससून रुग्णालयात परिचारिकेचं शिक्षण घ्यायला पाठवलं. तेव्हाच्या पुण्यात ही साधी गोष्ट नव्हती. मिशनच्या रुग्णालयांत तर ख्रिस्ती मुलींनी हे काम केव्हाच अंगावर घेतलं होतं. ‘सिस्टर’ हा शब्दही आला तो धर्मसंघातल्या भगिनींकडून.

तरीही १९४६ च्या भोर समितीच्या अहवालात काय दिसतं? देशात ६,३०० माणसांमागे एक डॉक्टर, आणि ४३,००० माणसांमागे एक परिचारिका. उलटी उतरंड! ज्या कामाला मान नव्हता, त्याला माणसंही मिळाली नव्हती.

ज्या १९७३ साली ती संहिता बदलली, त्याच वर्षी २७ नोव्हेंबरला मुंबईत परळच्या केईएम रुग्णालयात अरुणा शानबाग या परिचारिकेवर तिथल्याच एका कर्मचाऱ्याने हल्ला केला. साखळीने गळा आवळल्यामुळे मेंदूचा प्राणवायू तुटला आणि त्या पुन्हा कधीच भानावर आल्या नाहीत. १८ मे २०१५ पर्यंत, म्हणजे ४१ वर्षांहून अधिक काळ, केईएमच्या परिचारिकांनी त्यांना सांभाळलं. हल्ल्याच्या वेळी ज्यांचा जन्मही झाला नव्हता अशा मुली नोकरीला लागल्या आणि त्यांनी हे काम पुढे घेतलं. इतकी वर्षं अंथरुणावर असूनही त्यांना शय्याव्रण झाले नाहीत. ज्यांनी घरात कुणाचं आजारपण काढलंय, त्यांना यामागची मेहनत कळेल. दर दोन तासांनी कूस बदलायची, पाठ कोरडी ठेवायची, आणि प्रत्येक पाळीने पुढच्या पाळीला ते सांगून जायचं.

लेखिका पिंकी विराणी यांनी करुणेपोटीच, अरुणाताईंना या जगण्यातून मोकळं करावं अशी मागणी सर्वोच्च न्यायालयात केली. परिचारिकांनी विरोध केला. ७ मार्च २०११ च्या निकालात न्यायालयाने, कडक अटी घालून, उपचार थांबवण्याची वाट देशासाठी मोकळी केली; पण अरुणाताईंच्या वतीने बोलण्याचा हक्क केईएमच्या कर्मचाऱ्यांचा मानला. कुणाचं बरोबर, यावर आपल्यात आजही दोन मतं असतील, आणि असावीत. मला महत्त्वाचं वाटतं ते हे की बोलू न शकणाऱ्या माणसाच्या वतीने कुणी बोलायचं, या प्रश्नाला न्यायालयाने दिलेलं उत्तर ‘जे रोज तिची काळजी घेतात ते’ असं होतं. आणि हेही विसरता येत नाही की जी स्त्री दुसऱ्यांना सांभाळण्यासाठी तिथे होती, तिला तिच्याच कामाच्या जागी सुरक्षितता मिळाली नव्हती.

आता आकड्यांकडे येते, इंजिनिअर आहे म्हणून. २००२ साली अमेरिकेत पेनसिल्व्हेनियातल्या १६८ रुग्णालयांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. एका परिचारिकेकडे एक रुग्ण वाढला की शस्त्रक्रिया झालेल्या रुग्णांची ३० दिवसांत मृत्यू होण्याची शक्यता सुमारे ७ टक्क्यांनी वाढते, असं त्यात दिसलं. कॅलिफोर्नियाने तर रुग्णांची कमाल संख्या कायद्यानेच ठरवली. आपल्या भारतीय परिचर्या परिषदेचाही निकष आहे: साध्या वॉर्डात, शिक्षण देणाऱ्या रुग्णालयांत ३ रुग्णांमागे एक परिचारिका आणि इतरत्र ५ रुग्णांमागे एक. तुम्ही नातेवाइकांजवळ बसलेल्या शेवटच्या वॉर्डात किती होत्या, आठवून पाहा. चाळीस खाटांना दोघी असतील तर ‘यू’ की शून्य, हे पाहायला वेळ कुठून यायचा? नीती ही केवळ मनाच्या चांगुलपणावर चालत नाही. तिला माणसं लागतात, वेळ लागतो.

पगाराचंही तेच. खाजगी रुग्णालयांतल्या परिचारिकांच्या स्थितीवर २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने लक्ष घातलं. केंद्राच्या समितीने सुचवलं की ५० पेक्षा कमी खाटांच्या रुग्णालयातही महिना २०,००० रुपयांपेक्षा कमी देऊ नये. एवढी साधी गोष्ट समिती नेमून सांगावी लागली. आपण त्यांच्या कामाला ‘सेवा’ म्हणतो, हात जोडतो, आणि सेवेला कुठे मोल असतं, असं म्हणून मोकळे होतो.

मित्रांनो, आपण चाळिशी ओलांडली आहे. आपल्या आईवडिलांना घेऊन आता आपणच रुग्णालयांच्या दारात उभे असतो. तिथे सर्जन कोण हे आपण विचारतो, खोलीत एसी आहे का हेही विचारतो. यापुढे एक प्रश्न आणखी विचारू या: रात्रपाळीला एका सिस्टरकडे किती रुग्ण असतात? बिल भरणाऱ्यांनी विचारलं तरच उत्तर बदलेल. आणि सिस्टर म्हणाल्या, ‘थांबा, मी डॉक्टरांना विचारून देते,’ तर त्यांच्यावर चिडू नका. त्या क्षणी त्या तुमचंच काम करत असतात.

सर, बाई, तुम्हाला एक विनंती. शाळा नववी-दहावीच्या मुलांसाठी व्यवसाय मार्गदर्शन ठेवते. पुढच्या वेळी आपल्या त्या तिघींपैकी एकीला किंवा आपल्या ‘ब्रदर’ला बोलवा. त्यांना सेवाभावावर बोलायला सांगू नका. आपल्या कामाविषयी बोलायला सांगा: किती शिकावं लागतं, काय पाहावं लागतं, आणि ‘दिले नाही’ असं कधी व का लिहावं लागतं. आणि त्या बोलत असताना आपण कुणी आवाज खाली आणायचा नाही.